मध्यावर वजन का थांबत नाही

छताला अडकवलेल्या स्प्रिंगला वजन टांगले की ते थोडे खाली येऊन स्थिर होते. तिथून ते आणखी खाली ओढून सोडले, तर ते त्या जागेकडे परत येते, ती ओलांडून वर जाते, वर क्षणभर थबकते आणि पुन्हा खाली निघते. या साध्या हालचालीत एक गोष्ट विचारात पाडणारी आहे. ज्या जागी वजनावरचे एकूण बल शून्य असते, नेमकी तीच जागा ते सर्वांत जास्त वेगाने पार करते. ज्या दोन टोकांना बल सर्वांत मोठे असते, तिथे मात्र त्याचा वेग शून्य असतो. बल असेल तिथे गती, ही रोजच्या ओढण्या-ढकलण्यातून मनात बसलेली समजूत हे वजन प्रत्येक फेरीत खोटी ठरवते.

भौतिकशास्त्राच्या पाठ्यपुस्तकांत या हालचालीची मांडणी बहुधा बलापासून सुरू होते. विस्थापनाच्या प्रमाणात आणि विरुद्ध दिशेने बल, त्यातून त्वरण, त्यातून समीकरण आणि समीकरणाचे उत्तर म्हणून ज्या वक्राचे रूप येते तो साइन वक्र. या मार्गात चूक काहीच नाही. पण वजन मध्यावर का थांबत नाही, मोठ्या आणि छोट्या झोक्याला सारखाच वेळ का लागतो, आणि अणूंपासून इमारतींपर्यंत जिथे तिथे हीच हालचाल का भेटते, या तीन प्रश्नांची उत्तरे त्या समीकरणात असूनही डोळ्यांना दिसत नाहीत. ती दिसतात ऊर्जेच्या हिशेबात. म्हणून या विषयाची सुरुवात ऊर्जेपासून व्हायला हवी. बल त्यानंतर शिकवले तर ते अधिक चांगले समजते.

हिशेबासाठी ठोस आकडे घेणे सोयीचे. वजनाचे वस्तुमान ०.५ किलोग्रॅम आहे असे मानू. स्प्रिंगच्या वेढ्यांत पुरेशी मोकळीक आहे, त्यामुळे ती ताणताही येते आणि दाबताही येते. तिचा ताठपणा मीटरला २०० न्यूटन आहे, म्हणजे ती १ सेंटिमीटर ताणायला २ न्यूटन बल लागते. वजन समतोल जागेपासून ५ सेंटिमीटर दूर नेऊन सोडले आहे. हे ५ सेंटिमीटर म्हणजे दोलनाचा आयाम. टोकाला बल १० न्यूटन असते, मध्यावर शून्य.

बल आणि ताण यांचे हे प्रमाण रॉबर्ट हूकने शोधले. १६७६ मध्ये त्याने ते अक्षरांची उलटापालट करून एका कूटाच्या रूपात छापले आणि १६७८ च्या व्याख्यानात त्याची उकल दिली. त्याच्या नावाने ओळखला जाणारा नियम सर्वांना ठाऊक असतो, पण त्याच व्याख्यानातला पुढचा भाग क्वचितच सांगितला जातो, आणि तोच अधिक मोलाचा आहे. स्प्रिंग सुटताना तिचे बल पायरीपायरीने कमी होत जाते. या सगळ्या बलांची एकत्र बेरीज करायची, तर ती एका त्रिकोणाच्या क्षेत्रफळाने दाखवता येते, आणि वजनाचा वेग त्या बेरजेच्या वर्गमुळाच्या प्रमाणात असतो, असे हूकने मांडले. ऊर्जा या शब्दाला आजचा अर्थ मिळण्याच्या सव्वाशे वर्षे आधी स्प्रिंगचा पहिला अभ्यासक ऊर्जेच्याच वाटेने चालत होता.

तो त्रिकोण आजही तसाच उपयोगी आहे. स्प्रिंग ५ सेंटिमीटर ताणताना हाताला सुरुवातीला काहीच जोर लागत नाही, शेवटी १० न्यूटन लागतो, म्हणजे सरासरी ५ न्यूटन. या सरासरी बलाला ०.०५ मीटरने गुणले की ०.२५ ज्यूल मिळतात. एवढी ऊर्जा स्प्रिंगमध्ये साठते. सूत्रातल्या 'अर्ध्या'चा अर्थ इतकाच की बल शून्यापासून वाढत जाते आणि त्रिकोणाचे क्षेत्रफळ आयताच्या निम्मे असते. ताण दुप्पट केला तर अंतरही दुप्पट होते आणि सरासरी बलही दुप्पट होते, म्हणून साठवण चौपट होते. स्थितिज ऊर्जा विस्थापनाच्या वर्गाच्या प्रमाणात असते ती यामुळे.

गतिज ऊर्जाही वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात असते, पण ही गोष्ट युरोपातल्या विद्वानांना सहजासहजी पटली नव्हती. गतीचे माप वेगाच्या साध्या पटीत घ्यावे की वर्गाच्या, यावर १६८६ मध्ये लायब्निझने वाद उभा केला आणि तो अनेक दशके चालला. हॉलंडच्या स ग्रावेसांदेने पितळी गोळे मऊ मातीत टाकून पाहिले. दुप्पट वेगाने पडलेला गोळा दुप्पट नव्हे, चौपट खोल रुतत होता. एमिली द्यू शातले या फ्रेंच विदुषीने १७४० च्या आपल्या ग्रंथात वर्गाची बाजू उचलून धरली. पुढे १८०७ मध्ये टॉमस यंगने या राशीला 'एनर्जी' म्हटले, १८२९ मध्ये कोरिओलिसने तिच्यापुढे अर्धा लावला आणि १८५३ मध्ये रँकिनने साठलेल्या ऊर्जेला स्थितिज, म्हणजे इंग्रजीत 'पोटेन्शियल', हे नाव दिले. हे इंग्रजी नाव एका बाबतीत दिशाभूल करते. ताणलेल्या स्प्रिंगमधली ऊर्जा केवळ संभाव्य किंवा कागदावरची नसते. धातूतले अणू आपापल्या जागांपासून खरोखर सरकलेले असतात आणि ऊर्जा त्यांच्या बंधांत खरोखर साठलेली असते.

आता पहिल्या प्रश्नाचे उत्तर सरळ येते. सोडताना स्प्रिंगजवळ ०.२५ ज्यूल आहेत आणि वजनाजवळ शून्य. मध्यावर पोचेपर्यंत ही सगळी शिल्लक वजनाच्या नावावर जमा झालेली असते. अर्ध्या किलोच्या वस्तूजवळ ०.२५ ज्यूल म्हणजे सेकंदाला १ मीटर वेग. बल शून्य झाले म्हणून ही जमा नाहीशी होत नाही, कारण बल शून्य असण्याचा अर्थ त्या क्षणी देवाणघेवाण थांबली आहे एवढाच होतो. मध्यावर थांबायचे तर वजनाला आपली ऊर्जा कुणाला तरी द्यावी लागेल आणि तिथे घेणारा कोणी नसतो. मध्य ओलांडल्यावर स्प्रिंग पुन्हा घ्यायला लागते आणि ०.२५ ज्यूल पुरते परत घेईपर्यंत वजनाला पुढे जावेच लागते. म्हणूनच ते दुसऱ्या बाजूलाही बरोबर ५ सेंटिमीटर जाते.

या देवाणघेवाणीचे वाटप अंतराच्या प्रमाणात होत नाही. वजन टोकापासून निम्म्या वाटेवर, म्हणजे मध्यापासून २.५ सेंटिमीटरवर आले की निम्मी ऊर्जा एकाची आणि निम्मी दुसऱ्याची, असे विद्यार्थ्यांना वाटते. प्रत्यक्षात तिथे स्प्रिंगजवळ फक्त चौथा भाग उरलेला असतो आणि तीन चतुर्थांश ऊर्जा गतिज झालेली असते. वेग तर त्या ठिकाणीच सेकंदाला ०.८७ मीटरपर्यंत पोचलेला असतो. निम्मी-निम्मी वाटणी होते ती मध्यापासून ३.५४ सेंटिमीटरवर, टोकाच्या बऱ्याच जवळ. मग गतिज ऊर्जेचेच पारडे नेहमी जड असते का? वेळ लक्षात घेतला की तसे राहत नाही. टोकांजवळ वेग कमी असल्याने वजन तिथे रेंगाळते. एका फेरीचा दोन तृतीयांश वेळ मध्यापासून २.५ सेंटिमीटरच्या पलीकडच्या पट्ट्यांत जातो. परिणामी वेळेच्या हिशेबाने सरासरी काढली तर दोन्ही ऊर्जा अगदी समसमान निघतात, आणि अंतराच्या हिशेबाने काढली तर गतिज दोन तृतीयांश, स्थितिज एक तृतीयांश. सरासरी कशावर घ्यायची हे ठरवल्याशिवाय सरासरीला अर्थ नसतो, याचे इतके स्वच्छ उदाहरण दुसरीकडे मिळणे कठीण. आणखी एक बारकावा असा की वजन एक फेरी पूर्ण करते तेवढ्या वेळात ऊर्जा स्प्रिंगकडून वजनाकडे आणि परत असा प्रवास दोनदा करते. ऊर्जेच्या स्पंदनाची वारंवारता हालचालीच्या दुप्पट असते.

दुसरा प्रश्न वेळेचा. आयाम दुप्पट केला, वजन ५ ऐवजी १० सेंटिमीटरवरून सोडले, तरी फेरीला वेळ तितकाच लागतो. ज्याने हे प्रथमच पाहिले त्याला नवल वाटावे अशी ही गोष्ट आहे, आणि पाठांतराने ते नवल नाहीसे होऊ नये. कारण समजायला कलनशास्त्राची गरज नाही. आयाम दुप्पट केला की ऊर्जा चौपट होते. ऊर्जा चौपट म्हणजे मध्यावरचा वेग दुप्पट. वाटेतल्या प्रत्येक टप्प्यालाही हेच लागू पडते: मोठ्या झोक्यातला प्रत्येक टप्पा छोट्या झोक्यातल्या त्याच टप्प्याच्या दुप्पट लांब असतो आणि तिथला वेगही दुप्पट असतो. अंतर दुप्पट, वेग दुप्पट, म्हणून वेळ तोच. हे जमून येते ते दोन्हीकडे वर्ग आहे म्हणून. एका खात्यात विस्थापनाचा वर्ग, दुसऱ्यात वेगाचा वर्ग.

असे नेहमी होत नाही. फरशीवर टप्पे घेणारा चेंडू घ्यावा. त्याची स्थितिज ऊर्जा उंचीच्या साध्या प्रमाणात असते, वर्गाच्या नव्हे. म्हणून चौपट उंचीवरून सोडलेल्या चेंडूला एका टप्प्याला दुप्पट वेळ लागतो. लंबकाची गोष्ट या दोहोंच्या मधली आहे. छोट्या झोक्यात तो स्प्रिंगसारखा वागतो, झोका मोठा झाला की मागे पडू लागतो. क्रिस्टियान हायगेन्सने १६५६ मध्ये लंबकाचे घड्याळ बनवले तेव्हा त्याला याच दोषाशी झुंजावे लागले. १६७५ मध्ये त्याने घड्याळातल्या तोलचक्राला सर्पिल कमान जोडली. ही कल्पना आधी आपल्याला सुचली, असा हूकचा दावा होता आणि त्या वादात दोघांनी बरीच कटुता सोसली. श्रेय कुणाचेही असो, खिशात ठेवायचे घड्याळ विश्वासार्ह झाले ते या कमानीमुळे. मनगटी घड्याळाची मुख्य कमान सकाळी किल्ली दिल्यावर जोरात असते आणि रात्रीपर्यंत सैल पडत जाते. त्याबरोबर तोलचक्राचा झोकाही लहान होतो, पण त्याचा काळ जवळजवळ बदलत नाही. ताशी १८,००० टिकटिक करणारे घड्याळ दिवसभर तीच चाल राखते, यामागे वर्गाला वर्गाने दिलेली ही साथ आहे.

प्रत्यक्ष काळ किती, हेही याच वाटेने मिळते. विस्थापन आयामाच्या पटीत आणि वेग कमाल वेगाच्या पटीत मोजला, तर ऊर्जेचा हिशेब म्हणतो की या दोन संख्यांच्या वर्गांची बेरीज सदैव एक राहते. ही वर्तुळाची व्याख्या आहे. आयामाएवढ्या त्रिज्येच्या वर्तुळावर एक बिंदू सेकंदाला १ मीटर या एकसारख्या वेगाने फिरतो आहे आणि स्प्रिंगवरचे वजन म्हणजे त्याची भिंतीवर पडलेली सावली आहे, असे चित्र त्यातून तयार होते. ५ सेंटिमीटर त्रिज्येच्या वर्तुळाचा परीघ ३१.४ सेंटिमीटर, म्हणून फेरीला ०.३१४ सेकंद. वस्तुमान भागिले ताठपणा, त्याचे वर्गमूळ आणि त्याला पायच्या दुपटीने गुणणे, हे प्रसिद्ध सूत्र या वर्तुळाच्या परिघातून निघते. स्प्रिंगच्या सरळ रेषेतल्या हालचालीत पाय कुठून आला, या प्रश्नाचेही उत्तर इथेच आहे.

बलाची बाजू घेणारा इथे एक रास्त आक्षेप घेईल. ऊर्जेच्या हिशेबात वेगाचा वर्ग येतो, म्हणून वजन वर चालले आहे की खाली, हे तो सांगत नाही. दिशा सांगायला बल लागते. आक्षेप खरा आहे. ऊर्जा कुठल्या जागी किती वेग असू शकतो हे सांगते, आणि टोकाला पोचलेले वजन तिथेच का राहत नाही हे बल सांगते. पण यातून बल आधी शिकवावे असे सिद्ध होत नाही. ऊर्जेच्या वक्राचा उतार म्हणजेच बल, हे ध्यानात आले की दोन्ही बाजू एकाच आकृतीत मावतात. अन्वस्त आकाराची दरी, तिच्या तळाशी समतोल जागा, आणि जिथे उतार तीव्र तिथे ओढही तीव्र.

स्प्रिंग उभी टांगलेली असली की गुरुत्वाकर्षण हिशेबात येते आणि इथे अनेक पुस्तकांतल्या आकृत्या घाई करतात. खालच्या टोकाला सगळी ऊर्जा स्प्रिंगमध्ये, वरच्या टोकालाही सगळी स्प्रिंगमध्ये, असे त्या दाखवतात. आडव्या, घर्षणरहित टेबलावर ते खरे आहे, उभ्या स्प्रिंगला नाही. आपल्या उदाहरणात वजन नुसते टांगल्यावर स्प्रिंग २.४५ सेंटिमीटर ताणते आणि तिच्यात ०.०६ ज्यूल साठतात. खालच्या टोकाला तिचा एकूण ताण ७.४५ सेंटिमीटर असतो आणि तिच्यातली ऊर्जा ०.५५५ ज्यूल असते. वरच्या टोकाला ती २.५५ सेंटिमीटर दाबलेली असते आणि तिच्यात जेमतेम ०.०६५ ज्यूल असतात. म्हणजे वर असताना स्प्रिंगचे खाते समतोल जागेपेक्षा केवळ ०.००५ ज्यूलने फुगलेले असते. उरलेले ०.२४५ ज्यूल वजनाच्या उंचीत, गुरुत्वाकर्षणाच्या खात्यात असतात. खालच्या टोकाला उलट होते: स्प्रिंगने ०.४९५ ज्यूल जास्त घेतलेले असतात, त्यांतले ०.२४५ गुरुत्वाकर्षणाने दिलेले. दोन्ही टोकांना बेरीज ०.२५ हीच येते, पण ती दोन अगदी वेगळ्या रीतींनी. समतोल जागेपासून मोजले तर गुरुत्वाकर्षण विसरता येते, ही सोय गणिताने सिद्ध होते आणि ती उपयोगीही आहे. मात्र सोय वापरली आहे हे सांगायला हवे, नाहीतर वर गेलेल्या वजनाची ऊर्जा कुठे आहे, या साध्या प्रश्नाचे चुकीचे उत्तर विद्यार्थी आयुष्यभर बाळगतो.

याच उभ्या स्प्रिंगमध्ये आणखी एक कोडे दडलेले आहे. वजन समतोल जागेपर्यंत २.४५ सेंटिमीटर खाली आले, तेव्हा गुरुत्वाकर्षणाने ०.१२ ज्यूल दिले. स्प्रिंगमध्ये मात्र ०.०६ ज्यूलच सापडतात. निम्मी ऊर्जा गेली कुठे? हाताने अलगद धरून वजन खाली आणले असेल तर ती हाताला मिळाली, कारण उतरणाऱ्या वजनाला हात सतत वरून आवरत होता. हात न लावता वजन एकदम सोडले असेल, तर ते समतोल जागेवर थांबतच नाही. दुप्पट खोल, ४.९ सेंटिमीटरपर्यंत जाते आणि झोके घेऊ लागते. त्या झोक्यांची ऊर्जा बरोबर ०.०६ ज्यूल असते. कालांतराने झोके शमतात आणि तेवढी ऊर्जा हवेत आणि धातूत उष्णता होऊन जाते. स्प्रिंग ताठ असो की मऊ, वजन जड असो की हलके, निम्मा वाटा जातोच. हवा जाड की विरळ यावर तो किती वेळात जातो एवढेच अवलंबून असते. तानकाट्याला भाजीची पिशवी लावल्यावर काटा आधी पुढे जातो आणि डोलत डोलत मागे येऊन स्थिरावतो, तेव्हा हा निम्मा वाटाच मार्गी लागत असतो.

प्रत्यक्षात कुठलेच दोलन अखंड चालत नाही. दर फेरीला ऊर्जेचा १ टक्का निघून जातो असे धरले, तर सुमारे ६९ फेऱ्यांनी ऊर्जा निम्मी होते. आयाम निम्मा व्हायला मात्र ऊर्जा चौथ्या हिश्शावर यावी लागते, म्हणजे सुमारे १३८ फेऱ्या लागतात. आपल्या वजनासाठी हे पाऊण मिनिटापेक्षा थोडे कमी झाले. एवढ्या घसरणीचा दोलनकाळावर होणारा परिणाम कोटीत सुमारे तीन भाग इतका नगण्य असतो. आयाम झिजतो, काळ झिजत नाही, हे घड्याळाच्या बाबतीत आलेच आहे.

कुठे ही घसरण नकोशी असते, तर कुठे मुद्दाम घडवून आणलेली असते. मोटारीचे धूड कमानींवर आणि स्प्रिंगांवर तोललेले असते. त्यांना नुसते मोकळे सोडले तर एका खड्ड्यानंतर गाडी कितीतरी वेळ उसळत राहील. शॉकॲब्सॉर्बरमधले तेल बारीक छिद्रांतून ढकलले जाते आणि उसळीची ऊर्जा तेल तापवण्यात खर्च होते. धक्का सोसते ती स्प्रिंग. शॉकॲब्सॉर्बर तो धक्का विसरायला लावतो, त्यामुळे त्याचे नाव त्याच्या कामापेक्षा स्प्रिंगच्या कामाला अधिक शोभते. उलट बाजूला स्प्रिंगचा पाळणा आहे. बाळाचे वजन टांगलेल्या स्प्रिंगला घरातले माणूस अधूनमधून हलकासा हात लावते. तो हात पाळणा खाली चाललेला असताना खालच्याच दिशेने लागला तर ऊर्जा जमा होते, वर येताना खाली दाबला तर तीच काढून घेतली जाते. बल आणि वेग यांची दिशा जुळली तरच खात्यात भर पडते. दर फेरीला नेमकी हरवलेली तेवढीच ऊर्जा योग्य क्षणी परत दिली तर दोलन कायम राहते, हरवते त्याहून जास्त दिली तर वाढत जाते. अनुनादाचे मर्म एवढेच आहे.

न्यू यॉर्कमधल्या सिटीकॉर्प इमारतीच्या माथ्यावर, १९७७ पासून, सुमारे ४०० टनांचा काँक्रीटचा ठोकळा स्प्रिंगांना जोडून ठेवला आहे. त्याचा दोलनकाळ इमारतीच्या काळाशी जुळवलेला आहे, त्यामुळे वाऱ्याने इमारत डोलू लागली की तिची ऊर्जा ठोकळ्याकडे जाते आणि तिथल्या दमनयंत्रणेत जिरते. अनुनाद इथे इमारतीच्या रक्षणाला लावला आहे.

आतापर्यंत स्प्रिंगचे स्वतःचे वस्तुमान शून्य धरले. ते नसते, आणि ते हिशेबात आणायला बलाची वाट फार खडतर आहे. ऊर्जेची वाट सोपी. स्प्रिंगचा छताकडचा वेढा हलत नाही, वजनाकडचा वेढा वजनाच्या वेगाने हलतो आणि मधले वेढे अंतराच्या प्रमाणात हलतात. वेगाच्या वर्गाची अशी सरासरी काढली तर ती टोकाच्या वर्गाच्या एक तृतीयांश येते. म्हणून वजनापेक्षा बरीच हलकी असलेली स्प्रिंग आपल्या वस्तुमानाच्या एक तृतीयांश इतके वजन टोकाला टांगल्यासारखी वागते. ६० ग्रॅमच्या स्प्रिंगने ०.५ किलोग्रॅमचे ०.५२ होतात आणि काळ सुमारे २ टक्क्यांनी वाढतो. प्रयोगशाळेत विद्यार्थ्यांच्या वहीत जो फरक 'प्रयोगातील त्रुटी' म्हणून नोंदला जातो, त्यात पुष्कळदा या तिसऱ्या हिश्शाचा वाटा असतो.

दोलनकाळाच्या सूत्रात गुरुत्वाकर्षण नाही, याचाही मोठा उपयोग आहे. कक्षेत फिरणाऱ्या यानात वजनकाटा निरुपयोगी असतो. १९७३ मध्ये स्कायलॅबवर अंतराळवीर स्प्रिंगला जोडलेल्या आसनावर बसून हलत आणि दोलनकाळ मोजून त्यांचे वस्तुमान काढले जाई. महिन्यांच्या मुक्कामात शरीर किती झिजले हे त्यातून कळे. भूकंपमापक यंत्राच्या पोटातही स्प्रिंगवरचे वजनच असते. स्प्रिंग मऊ असली तर वजन जडत्वाने जागेवर राहते आणि हललेल्या जमिनीचे विस्थापन नोंदले जाते. स्प्रिंग ताठ असली तर वजन जमिनीबरोबर ओढले जाते आणि स्प्रिंगचा ताण जमिनीचे त्वरण सांगतो. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे कोयनेला भूकंप झाला तेव्हा धरणाच्या आत बसवलेल्या दुसऱ्या प्रकारच्या यंत्राने धक्क्याची नोंद केली. काँक्रीटच्या धरणांवर भूकंपाचा परिणाम अभ्यासताना जगभरचे अभियंते आजही ती नोंद वापरतात.

तिसरा प्रश्न राहिला: एवढ्या वेगवेगळ्या ठिकाणी एकच हालचाल का? याचे उत्तर धातूच्या गुणात नाही, दरीच्या आकारात आहे. कुठलीही वस्तू स्थिर समतोलात असते म्हणजे ती स्थितिज ऊर्जेच्या दरीच्या तळाशी असते. दरीचा आकार कसाही असला तरी तळाचा अगदी लहान भाग, काही अपवाद सोडले तर, अन्वस्तासारखाच दिसतो. अन्वस्त म्हणजे विस्थापनाचा वर्ग, आणि वर्ग म्हणजे स्प्रिंग. हूकचा नियम निसर्गात इतका पसरलेला दिसतो तो यामुळे.

हायड्रोजन आणि क्लोरीन यांच्या रेणूत दोन अणूंना जोडणारा बंध मोजला तर त्याचा ताठपणा मीटरला सुमारे ५०० न्यूटन भरतो. प्रयोगशाळेतल्या टेबलावरच्या साध्या स्प्रिंगच्या तोडीचा! अणूंची वस्तुमाने मात्र अतिसूक्ष्म, म्हणून हा रेणू सेकंदाला सुमारे ८६ लाख कोटी वेळा कंप पावतो आणि त्या वारंवारतेचे अवरक्त किरण शोषतो. हायड्रोजनच्या जागी दुप्पट जड ड्यूटेरियम घातला तर बंध तोच राहतो आणि वारंवारता सुमारे ७२ टक्क्यांवर येते, वर्गमुळाच्या सूत्राप्रमाणे. १९२८ मध्ये सी. व्ही. रामन यांनी कोलकात्यात जो परिणाम शोधला, त्यात विखुरलेल्या प्रकाशाची ऊर्जा नेमकी अशा कंपनांच्या वाट्याएवढी कमी-जास्त झालेली सापडते.

रेणूच्या पातळीवर ऊर्जा ठरावीक पायऱ्यांनीच घेतली-दिली जाते आणि स्प्रिंगच्या दरीत या पायऱ्या सारख्या अंतरावर असतात. मोठ्या आणि छोट्या झोक्याला सारखा वेळ लागण्याचेच हे सूक्ष्म जगातले रूप आहे. सर्वांत खालची पायरीदेखील शून्यावर नसते, अर्ध्या पायरीइतकी वर असते. त्यामुळे निरपेक्ष शून्य तापमानालाही हा रेणू मध्यावर थांबत नाही.

पायऱ्या सारख्या अंतरावर असतात हेही तळाजवळपुरतेच खरे. याच रेणूने एका दमात दोन पायऱ्या चढायच्या तर लागणारी ऊर्जा दुपटीपेक्षा सुमारे २ टक्क्यांनी कमी असते. दरी दोन्ही बाजूंनी सारखी नाही: अणू जवळ ढकलायला कठीण, दूर न्यायला सोपे. मोठ्या झोक्यात अणू दूरच्या बाजूला जास्त वेळ घालवतात, म्हणून त्यांच्यातले सरासरी अंतर वाढते. घन पदार्थ तापल्यावर प्रसरण पावतात ते मुख्यतः या एकांगीपणामुळे. अणूंमधले बंध हूकच्या नियमाला शेवटपर्यंत धरून राहिले असते, तर अणू कितीही जोरात हलले तरी त्यांची सरासरी जागा बदलली नसती, १३ मीटरचा रेल्वेचा रूळ ३० अंशांनी तापून साडेचार मिलिमीटरांहून अधिक लांबला नसता, आणि रुळांच्या सांध्यात फट ठेवावी लागली नसती.